तीन नंबरच्या टाकीची पातळी

"पातळी खाली गेलीय म्हणजे टाकी गळतेय," गद्रे साहेब म्हणाले. "यात न कळण्यासारखं काय आहे?"

दसऱ्याच्या सुट्टीनंतरचा कामाचा पहिला दिवस होता. टेबलावर चहाचे कप होते, आपट्याची चार पानं होती आणि मधोमध टाक्या रिकाम्या करण्याचा आराखडा पसरलेला होता. सकाळपासून त्याच्याकडे कोणी पाहिलं नव्हतं.

ही गोष्ट नव्वदच्या दशकातली. आमच्या केंद्राचं नाव लिहिण्याची गरज नाही. ते समुद्रकाठी होतं आणि त्याच्या आवारात जमिनीखाली चार पोलादी टाक्या पुरलेल्या होत्या, एवढं पुरे. तीन भरलेल्या, एक अडीअडचणीसाठी रिकामी. आत किरणोत्सारी कचरा होता, द्रवरूपातला, मी शाळेत असताना साठवलेला. तो बाहेर कसा काढायचा हा विचार साठवणाऱ्यांनी पुढच्यांवर सोडला होता. ते पुढचे म्हणजे आम्ही. कुठली टाकी आधी उपसायची, कशाने उपसायची, उपसलेलं कुठे न्यायचं, हे ठरवणाऱ्या गटाचे गद्रे साहेब प्रमुख होते. मी त्या गटात मोजमापाच्या यंत्रांची इंजिनिअर.

तीन नंबरची टाकी आराखड्यात सगळ्यात शेवटी होती. तिच्यातल्या द्रवावर खाराचा जाड थर धरला होता. दुधावर साय येते तसा, फक्त ही साय हातोडीनेही फुटली नसती. ती कापायला परदेशातून यंत्र मागवायचं की इथेच बनवायचं, यावर आमच्या बैठकांमागून बैठका चालल्या होत्या.

पातळी मोजायची पद्धत मात्र साधी होती. टाकीच्या माथ्यावरच्या नळीतून वजन बांधलेली पोलादी फीत आत सोडायची. वजन ओल्या पृष्ठभागाला टेकलं की बाहेर दिवा लागायचा, आणि फितीवरचा आकडा वाचायचा. वर्षानुवर्षं तो आकडा जागचा हलला नव्हता. दसऱ्याच्या सुट्टीत तो वीतभर खाली आला.

"टाकीभोवतीचे तपासणीचे बोअर काय म्हणतायत?" गद्रे साहेबांनी मला विचारलं.

"तीन गप्प आहेत. चौथ्याच्या पाण्यात किरणांचा आकडा थोडा वाढलाय."

"मग?"

"पण तो दर ऑक्टोबरात थोडा वाढतो, साहेब. का वाढतो ते माहीत नाही."

"माहीत नाही, असं लिहून पाठवू वर?"

टाकीत हवेच्या दाबावर चालणारं दुसरं एक पातळीयंत्र होतं. त्याची नळी खाराने कधीच चोंदली होती. तेही सांगून झालं.

दाराशी इनास रुमाव उभे होते. टाक्यांवरच्या कामगारांचे फोरमन. सडपातळ, केस पांढरे, निवृत्तीला वर्ष राहिलेलं. आमच्या कुंपणाला लागूनच त्यांची वाडी होती, केळीची आणि पानवेलीची. तिथली केळी ते दर आठवड्याला कँटीनमध्ये आणून ठेवत आणि न खाणाऱ्याला टोमणे मारत.

"साहेब, परवा सकाळी उतरतो खड्ड्यात," ते म्हणाले. "माणसं तयार आहेत."

खड्डा म्हणजे झडपांचा खड्डा. तीन नंबरमधला द्रव रिकाम्या टाकीत घ्यायचा, तर त्या खड्ड्यात उतरून पाइपाचा एक तुकडा हाताने जोडावा लागणार होता. एकेकाने काही मिनिटंच थांबायचं आणि तेवढ्या वेळात वर्षभरात चालतात तेवढे किरण अंगावर घ्यायचे. आराखड्यात हे काम यंत्राच्या हाताने करायचं होतं. पण यंत्राचा हात अजून कागदावर होता.

"पहिला कोण?" साहेबांनी विचारलं.

"मीच. म्हाताऱ्याचं काय जातंय?"

"चेष्टा नकोय, इनास."

"चेष्टा कुठली, साहेब. पाणी कुंपणाबाहेर गेलं तर पहिली विहीर माझीच आहे."

ते मात्र कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. निदान बोलून कोणी दाखवलं नव्हतं.

दुपारी मी कँटीनमध्ये त्यांच्यासमोर जाऊन बसले. माझ्या डोक्यात फक्त फीत होती. यंत्र खोटं बोलत असेल तर ते मला कळायला हवं होतं.

"इनासकाका, सुट्टीत फितीला कोणी हात लावला होता का?"

त्यांनी केळं सोललं. अर्धं मला दिलं. आजूबाजूला पाहिलं.

"एक सांगतो. पण सांगतोय ते घाई करा म्हणून. काम थांबवायला नाही."

"सांगा."

"खंडेनवमीला आम्ही पूजा करतो. पाने, पकडी, हातोडे, सगळी हत्यारं धुऊन मांडतो. फीतही धुतो. मी क्रिस्ताव, पण नारळ दर वर्षी मीच फोडतो, हाताला यश आहे म्हणतात पोरं."

"फीत कशी धुता?"

"नळीशेजारी नरसाळं आहे ना, वजनावरचा खार धुवायचं? एरवी त्यातून मगभर पाणी सोडतो. पूजेलाही तेवढंच जायचं. यंदा नरसाळं मोठं बसवलंय, म्हणून बादली. वर्षाची अंघोळ."

टाकीत एक थेंबही जास्तीचं पाणी जाऊ द्यायचं नाही, असा कडक नियम होता. आत गेलेला प्रत्येक थेंब पुढे कचरा म्हणूनच बाहेर काढावा लागणार होता.

"आता बघा," इनासकाका हळू आवाजात म्हणाले, "बादलीभर पाणी घातलं, म्हणजे पातळी केसभर का होईना, वर यायला पाहिजे. ती वीतभर खाली. म्हणजे तुम्हाला दिसतंय त्याहून जास्तच गळतंय. बरोबर की नाही?"

मी हो म्हणणार होते. मग हातातल्या केळ्याकडे बघत तशीच बसले. खार पाण्यात विरघळतो.

"काका, वजन कुठे टेकतं?"

"सायीवर."

"आणि पाणी कुठे पडतं?"

"वजनावर... म्हणजे तिथेच."

"पाण्याने तिथली साय विरघळली असेल. भोक पडलं असेल. वजन आता भोकात उतरून खालच्या द्रवाला टेकतंय. टाकी होती तेवढीच भरलेली आहे."

त्यांनी केळ्याची साल खाली ठेवली. "म्हणजे पाणी ओतलं म्हणून पातळी खाली गेली?"

"हो."

"मॅडम, हे साहेबांना सांगताना मला बाजूला उभं करू नका. हसू येईल मला."

पण ते आले. गद्रे साहेबांनी सगळं ऐकून घेतलं. चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"बादलीभर पाण्याने वीतभर साय विरघळेल?"

"कठीण आहे," मी म्हणाले. हिशेब मी येतानाच केला होता आणि तो जुळत नव्हता. "बादलीने तेवढी विरघळणार नाही."

"मग?"

तेव्हा दारात लहू तांडेल आला. दुसऱ्या पाळीचा मुकादम. कँटीनमधली कुजबूज त्याच्यापर्यंत पोचली असावी.

"साहेब, इनासकाकांनी नाही ओतलं. मी ओतलं."

"तू?" इनासकाका वळले. "तू कधी?"

"संध्याकाळी. आमच्या पाळीची पूजा आम्ही वेगळी करतो."

"सकाळी मी धुतली होती की फीत."

"मला काय ठाऊक? ओली नव्हती."

साहेबांनी तिसऱ्या पाळीच्या शिवराम पागधरेला घरून बोलावून घेतलं. तो झोपेतून उठून आला होता. प्रश्न ऐकून त्याने आधी तांडेलकडे पाहिलं, मग इनासकाकांकडे.

"मीच ओतलं," तो म्हणाला. "माझ्या पोरांचं नाव घेऊ नका."

खोलीत कोणी हसलं नाही. तीन पाळ्या, तीन पूजा, तीन बादल्या. प्रत्येक पाळीला वाटत होतं की पूजा आपणच करतो आणि हे बाहेर कोणाला माहीत नाही. माझा हिशेब आता जुळत होता.

साहेबांना मात्र वेगळंच दिसत होतं.

"तुम्ही तिघे बाहेर थांबा," ते म्हणाले. दार बंद झाल्यावर माझ्याकडे वळले. "तुला पटतंय हे?"

"हो."

"सकाळी कोणी काही बोललं नाही. दुपारी एकाने पाणी ओतलं होतं. आता तिघांनी. परवा खड्ड्यात उतरायचंय या माणसांना, नीलिमा. त्यांच्या जागी असतो तर मीही पाणी ओतलं म्हणून सांगितलं असतं."

"इनास स्वतःहून उतरायला तयार होते. त्यांनी तर गळती जास्त आहे म्हणून सांगितलं मला."

"आणि तू त्यांना गळती नसल्याचं कारण काढून दिलंस." त्यांचा आवाज चढला नव्हता. "तीच फीत, तोच आकडा. मी म्हणतो खाली गेली म्हणून गळतेय. तू म्हणतेस खाली गेली म्हणून गळत नाही. वर कोणाला काय सांगू? थाप मारून माणसं वाचवता येतात. जमिनीतलं पाणी नाही वाचवता येत."

आजही वाटतं की त्या दिवशी त्यांचं म्हणणं माझ्या म्हणण्याइतकंच बरोबर होतं.

मी म्हणाले, "टाकीच्या दुसऱ्या टोकाला झाकण लावून बंद केलेलं एक तोंड आहे. तिथे कधी पाणी पडलेलं नाही. तिथून वजन सोडून बघू. साय जुन्या उंचीवर लागली तर भोकाचं म्हणणं खरं. तिथेही खाली असेल तर खड्डा आहेच."

"दिवा लागेल तिथे?"

"नाही. फितीखालची साय धुण्याच्या पाण्याने ओली असायची, तिथली कोरडी असणार. कोरड्यातून वीज जात नाही. हाताला कळेल तेवढंच."

"झाकण उघडायचं म्हणजे अंगावर किरण आलेच."

"खड्ड्याच्या मानाने किरकोळ."

साहेबांनी खिडकीबाहेर पाहिलं. तिकडे कुंपण होतं आणि कुंपणापलीकडे केळीची पानं. "वायरवर दोन खुणा कर," ते म्हणाले. "जुन्या उंचीला लाल, फितीच्या आकड्याला काळी. मला भाषण नको. लाल की काळी, तेवढं सांगा."

दुसऱ्या दिवशी सकाळी ते काम झालं. आम्ही काँक्रीटच्या आडभिंतीमागे होतो, साहेब, मी आणि किरण मोजणारा एक माणूस. बोलायला भिंतीवर स्पीकर होता. झाकणाशी इनासकाका होते, पांढऱ्या पोशाखात, हातमोज्यांवर हातमोजे चढवलेले. तांडेलने "मी जातो" म्हणून हट्ट धरला होता. "तुला दोन लहान पोरं आहेत, गप बस," असं म्हणून त्यांनी त्याला थोडं मागे उभं केलं होतं.

झाकण निघाल्याचा आवाज आला. मग वायरची घरघर.

"सोडतोय," स्पीकरमधून इनासकाका म्हणाले. मध्ये काही वेळ फक्त श्वास ऐकू येत होता. "लाल खूण येतेय... आली."

साहेब स्पीकरकडे वाकले. "आणि?"

उत्तर लगेच आलं नाही.

"टेकलं," इनासकाका म्हणाले. "लालवर टेकलं."

"नक्की?"

"टेकलं म्हणतोय ना, साहेब."

"वर घेऊन पुन्हा सोडा."

पुन्हा घरघर झाली. "तिथेच."

"बंद करा झाकण," साहेब म्हणाले आणि भिंतीला पाठ लावून उभे राहिले. काही वेळाने मला म्हणाले, "खड्डा रद्द." त्यांना आनंद झाल्याचं चेहऱ्यावरून कळत नव्हतं. मलाही होत नव्हता. साय टाकीच्या भिंतींना चिकटून जागच्या जागी लोंबकळत राहिली असेल आणि खालचा द्रव गळत असेल, हे माझ्या मनात तिथेच आलं. भोवतालच्या बोअरवर रोज लक्ष ठेवायचं, असं ठरलं. चौथ्या बोअरमधला आकडा नोव्हेंबरात उतरला. का उतरला, तेही कळलं नाही.

तिन्ही पाळ्यांच्या प्रमुखांना मेमो मिळाले. टाकीत परवानगीशिवाय पाणी सोडल्याबद्दल. इनासकाकांची बदली गेटवर झाली. निवृत्तीपर्यंत ते तिथेच होते, येणाऱ्या ट्रकांची नोंद करत. जाता-येता मला मान तुकवून नमस्कार करत. पण कँटीनमधली केळी बंद झाली. मेमो मनाला लागला असेल, असं मी धरून चालले.

त्या तीन बादल्यांनी आराखडा मात्र बदलला. साय साध्या पाण्याने विरघळते, हे एवढी वर्षं कोणी करून पाहिलं नव्हतं, कारण पाणी टाकायलाच बंदी होती. कापायच्या यंत्राची फाइल बंद झाली. कोमट पाणी मोजून-मापून फवारायचं, साय विरघळवायची आणि उपसायचं, अशी नवी पद्धत आली. तिला मंजुरी मिळायला, यंत्राचा हात तयार व्हायला आणि प्रत्यक्ष उपसायला बरीच वर्षं गेली. तोवर गद्रे साहेब निवृत्त झाले होते आणि त्यांच्या खुर्चीवर मी होते. खड्ड्यात कोणालाही उतरावं लागलं नाही.

टाकी रिकामी झाली, तेव्हा आत कॅमेरा सोडला. भिंती पाहिल्या, तळ पाहिला, टाकीभोवतीचा काँक्रीटचा कोष पाहिला. कुठे चीर नव्हती. कोष कोरडा होता.

त्या रविवारी मी इनासकाकांच्या वाडीवर गेले. कारण सांगायचं तर मेमोचं. ज्या गोष्टीबद्दल त्यांना मेमो दिला तीच आता आमची मंजूर पद्धत आहे, हे सांगून त्यांना हसवावं, एवढंच डोक्यात होतं.

खिडकीतून केळीची पानं दिसेनाशी झाली होती, पण वाडी ओळखूच येणार नाही असं वाटलं नव्हतं. केळीच्या जागी वाळकं गवत होतं. पानवेलींच्या मांडवाचे नुसते बांबू उरले होते. इनासकाका ओट्यावर बसले होते, अजून तसेच सडपातळ, फक्त ऐकायला थोडं कमी. त्यांच्या पत्नीने, कार्मेलबाईंनी, पाणी आणलं. स्वयंपाकघरात बाजारातल्या पाण्याचे निळे कॅन रांगेने ठेवलेले दिसत होते.

"काका, तीन नंबर रिकामी झाली," मी म्हणाले. "पाण्याने. तुमच्यासारखीच, फक्त बादल्या जरा जास्त लागल्या."

ते हसले नाहीत. "तळ बघितलात?"

"बघितला."

"गळत होती ना?"

"नाही."

"मॅडम, आता मला खरं सांगितलंत तरी चालेल. आता कोणाला खड्ड्यात जायचं नाही."

"खरंच सांगतेय. एक चीर नाही. बाहेरचा कोष कोरडा आहे. फोटो आणलेत."

त्यांनी फोटो घेतले. उजेडाकडे धरून एकेक पाहिला. तळाचा पुन्हा पाहिला.

"मला टेकल्यासारखं काही लागलं नव्हतं," ते म्हणाले.

"म्हणजे?"

"त्या दिवशी. हातमोज्यांवर हातमोजे, वायर जड. काय कळणार हाताला? लाल खूण आली आणि मला वाटलं, टेकलं. आता खरंच टेकलं की मला टेकायला हवं होतं, ते कुठे ठाऊक? मागे तांडेल उभा होता. त्याची पोरं डोळ्यांसमोर होती. तोंडातून निघून गेलं."

"पण दुसऱ्यांदाही तुम्ही—"

"दुसऱ्यांदा तर मला माहीतच होतं कुठे टेकायचं."

कार्मेलबाई दारात उभ्या होत्या. त्यांना हे सगळं ठाऊक होतं, असं वाटलं नाही.

"मी साहेबांकडे जाणार होतो," इनासकाका म्हणाले. "रोज ठरवायचो. पण जाऊन सांगायचं काय? टेकलं नाही, असंही सांगता येत नव्हतं. तेही मला माहीत नव्हतं. शेवटी म्हटलं, पोरं वाचली ना. गळत असेल तर पहिलं पाणी माझ्या विहिरीत येईल. ते आपण पिऊ नये, कोणाला पाजू नये. झाकण घातलं विहिरीला."

"आणि मला सांगितलं, विहिरीला खारं पाणी लागलं," कार्मेलबाई म्हणाल्या.

"केळीसुद्धा?" मी विचारलं.

"त्याच पाण्यावरची केळी तुम्हाला कशी खायला घालणार?"

आमचे बोअर त्यांच्या कुंपणाच्या अलीकडेच होते. त्यांनी एकदा विचारलं असतं तर मी त्यांच्या विहिरीचं पाणी तपासून दिलं असतं. पण विचारलं असतं तर का विचारताय तेही सांगावं लागलं असतं.

"टेकलंच होतं, काका," मी म्हणाले. "साय तिथेच होती. ती विरघळवायला आम्हाला महिने लागले."

"म्हणजे मी खरं बोललो होतो."

"हो."

"आणि मला ते माहीत नव्हतं." त्यांनी फोटो माझ्याकडे परत दिले. मग उठले, चप्पल घातली आणि वाडीत गेले. मी मागोमाग गेले. विहिरीवर पत्र्याचं झाकण होतं, त्यावर दगड. आम्ही दोघांनी ते दगड उतरवले. खाली पाणी काळं दिसत होतं, वर पाचोळा.

"हे पिण्यासारखं नाही," मी म्हणाले.

"आजचं नाहीच. साचलेलं सगळं आधी काढायला हवं." पंप गंजला होता, त्याला हात न लावता ते पडवीतून दोर आणि बादली घेऊन आले. "पंपवाला उद्या येईल. तोवर दोन-चार बादल्या काढतो."

"मी धरते दोर."

"तुम्ही ओट्यावर बसा, मॅडम," ते म्हणाले आणि बादली आत सोडली. दोर हातातून सरकत गेला. खाली पाण्यावर बादली आपटल्याचा आवाज आला. त्यांनी दोर तसाच धरून ठेवला, थोडा वर ओढला, पुन्हा सोडला.

"टेकलं," ते म्हणाले.